खालच्या फळीवरची हडळ

दचकू नका मित्रांनो, पण माझ्या पोटात एक हडळ राहते. खरी नव्हे हो, सोंगातली. तरीसुद्धा तिला बघून भल्याभल्यांची बोबडी वळलेली मी पाहिली आहे.

मी कोण, ओळखलंत? नाही ना? कसं ओळखाल! तुमच्या एका मोबाईलमध्ये शंभर सिनेमे दाटीवाटीनं राहतात. आमच्या काळी एका सिनेमाला एक अख्खं घर लागायचं, आणि ते घर म्हणजे मी. मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे. काळ्या प्लॅस्टिकचा चपटा डबा, आत दोन पांढरी चाकं, आणि त्यांच्यावर गुंडाळलेली लांबच लांब तपकिरी फीत. एवढाच माझा संसार.

माझा मुक्काम झाशीला, सीपरी बाजारातल्या एका मराठी घरात. माझ्यातल्या हडळीचं काम ज्या बाईनं केलं, तिच्या मुलीनं ते एकदा तरी बघावं, या एकाच इच्छेवर मी इतकी वर्षं तग धरला. आता गंमत अशी, की ती मुलगी स्वतःच भुताखेतांचे सिनेमे काढते. माझ्या जातीच्या कॅसेटींवर जीव टाकते. गावोगाव हिंडून त्या गोळा करते. आणि मी तिच्याच घरात, तिच्याच पायाशी पडून आहे, हे बाईसाहेबांना ठाऊक नव्हतं! आहे की नाही कमाल? ऐका तर मग.

माझी फीत कशाची असते, सांगा बरं? पातळ प्लॅस्टिकच्या पट्टीवर लोखंडाच्या बारीक गंजाचा लेप दिलेला असतो. हो, गंजच तो. मला ज्यांनी दुकानातून घरी आणलं त्या राजाभाऊंना ही गोष्ट कळली, तेव्हा ते मला हातात घेऊन तडक स्वयंपाकघरात गेले. राजाभाऊ झाशीच्या रेल्वे वर्कशॉपमध्ये होते. मूळचे भुसावळकडचे, नोकरीनं इथे आले आणि इथलेच झाले. मालगाडीचे डबे दुरुस्तीला आले की त्यांचा गंज खरवडून घेणं, हे त्यांचं रोजचं काम.

"सिंधू, बघ गं," ते बायकोला म्हणाले. "आम्ही जन्मभर गंज खरवडून टाकतो, आणि या लोकांनी गंजावर माणसं उमटवली!"

सिंधूनं मला उलटंपालटं करून पाहिलं आणि विचारलं, "मग आपण कोण उमटवायचं?"

राजाभाऊंना सिनेमाचं भारी वेड. त्यातून भुताचा असेल तर विचारूच नका. मऊरानीपुरला जगन्नाथ नावाचा लग्नाचे व्हिडिओ काढणारा त्यांचा दोस्त होता. त्याच्याकडे खांद्यावर घ्यायचा भला थोरला कॅमेरा होता, आणि लग्नसराई संपली की तो कॅमेरा रिकामाच पडून असायचा. "ले जाइए भैया, आप ही की चीज़ है," असं जगन्नाथ एकदा म्हणाला मात्र, राजाभाऊंनी दुसऱ्याच दिवशी कॅमेरा आणि जगन्नाथ दोघांनाही झाशीला आणलं. ठरलं! रेल्वे कॉलनीतच भुताचा सिनेमा काढायचा.

दिव्यांची सोय नव्हती, म्हणून रात्रीचं काही करता येणार नव्हतं. राजाभाऊंनी त्यातच शक्कल काढली. ते म्हणाले, "रात्रीचं भूत कुणीही दाखवेल. आपलं भूत भर दुपारी यायचं." झाशीची उन्हाळ्यातली दुपार तुम्ही अनुभवली नाहीत मित्रांनो. लू सुटते, म्हणजे तापलेला वारा असा वाहतो की चिटपाखरू बाहेर दिसत नाही. दारं बंद, खिडक्यांना ओले पडदे. पांढऱ्याफटक उन्हात रस्ता लांबवर मोकळा पडलेला. त्या रस्त्यावरून केस मोकळे सोडलेली एक बाई चालत येते आणि एकेका दाराची कडी वाजवते, असा तो सिनेमा होता.

हडळ कोण होणार, यावर बरीच डोकेफोड झाली. तेव्हा सिंधूच म्हणाली, "मी होते."

राजाभाऊ चमकले. सिंधूला तेव्हा दिवस गेले होते. पोट चांगलंच दिसू लागलं होतं.

"बाळंतपणात गेलेली बाई हडळ होते, असं म्हणतात ना?" ती म्हणाली. "मग बरंच की. पोट खरं आहे, उशी बांधायला नको."

"अगं, पण लोक काय म्हणतील?"

"लोक घाबरतील. तेच तर हवंय ना तुम्हाला?"

राजाभाऊंनी हातच जोडले.

पहिला माझ्यावर उमटला तो त्यांचाच चेहरा. एरवी त्यांना कॅमेऱ्यामागेच राहायला आवडे, पण सिनेमाची ओळख करून द्यायची म्हणून ते इस्त्रीचा शर्ट घालून अंगणात उभे राहिले, हात जोडले आणि छोटंसं भाषण ठोकलं. मग कॅमेरा त्यांनी स्वतःच्या खांद्यावर घेतला आणि सिंधू रस्त्यावर आली.

ते मी कसं सांगू तुम्हाला! तोवर मी जवळजवळ कोरीच होते. जगात बघण्यासारखं काय असतं, मला कुठे माहीत? सिंधू पाठमोरी चालत गेली. थांबली. मान वळवू लागली. आणि नेमकं त्याच वेळी पोटातल्या बाळानं लाथ मारली. हे कुणी ठरवलेलं नव्हतं, बरं का. तिचा हात आपसूक पोटावर गेला, डोळे मोठे झाले, आणि चेहऱ्यावर एकाच वेळी धास्ती आणि माया अशी काही उतरली की कॅमेऱ्यामागे राजाभाऊंचा श्वास अडकलेला मला ऐकू आला. त्या चेहऱ्यानं ती सरळ कॅमेऱ्याकडे बघून म्हणाली, "माझं बाळ बघितलंत का?" बस्स. माझ्या गंजावर त्या घटकेला दोन जीव उमटले. मी थक्क झाले ती आजतागायत तशीच आहे.

पहिला खेळ राजाभाऊंच्या क्वार्टरमध्ये झाला. तोही दुपारीच, खिडक्यांना गोधड्या लावून. मराठी मंडळी होती, शेजारपाजारचे बुंदेलखंडी लोक होते, पोरंटोरं खाटेखाली शिरून बसली होती. सिंधूनं मान वळवली आणि शेजारची चंपाजिज्जी, जी रोज सिंधूशी भाजी निवडत बसायची, ती ओरडली, "हाय दइया! जा तो साँची चुड़ैल आय!" म्हणजे, ही तर खरीच हडळ! सगळी खोली हादरली, मग हसली, मग टाळ्या. सिंधू स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून लाजत होती. माझ्या आयुष्यातला तो सोन्याचा दिवस.

पण दृष्ट लागावी तसं झालं. कॉलनीत वसुंधराकाकू म्हणून एक वडीलधाऱ्या बाई होत्या. त्या दुसऱ्या दिवशी घरी आल्या. "राजाभाऊ, अहो, तुम्हाला तरी काही कळायला हवं होतं! पोटुशी बाई, आणि हडळीचं सोंग? बाळावर सावली पडली तर काय कराल?"

सिंधू तेव्हा हसली. पण बाळ दिवस भरायच्या आधीच आलं, आणि आल्यावर रडेचना. दाई पाठीवर थोपटत होती आणि सिंधूच्या मनात काकूंचे शब्द घणासारखे पडत होते. शेवटी बाळ रडलं, असं रडलं की सगळा वॉर्ड जागा झाला. मुलगी झाली होती. नाव ठेवलं बकुळ. सगळं सुखरूप झालं, पण सिंधूच्या मनात बसलेली धास्ती काही उठली नाही.

त्यांच्या घरी कॅसेटींचं एक कपाट होतं. वरच्या फळीला काच होती, खालच्या फळीला लाकडी दार. पाहुण्यांना दाखवायच्या कॅसेटींवर, म्हणजे लग्नं, मुंजी, बारशी यांच्यावर, सिंधू लिहायची, 'वर'. म्हणजे झाडलोट करताना कुणी काढल्या तरी परत नेमक्या जागी जातील. माझ्यावर तिनं लिहिलं, 'खाली'. माझ्या पांढऱ्या पट्टीवर तेवढा एकच शब्द. सिनेमाचं नाव नाही, काही नाही.

"पोर मोठी होऊ दे, मग बघू," ती राजाभाऊंना म्हणाली.

पोर मोठी झाली. पण 'मग' काही आलं नाही. क्वार्टर सुटलं, सीपरी बाजारात घर झालं, कपाट इकडे आलं, त्याबरोबर मीही आले. राजाभाऊ निवृत्त झाले आणि एका हिवाळ्यात गेले. भिंतीवर त्यांचा फोटो लागला. पण चालते-बोलते, हात जोडून हसणारे राजाभाऊ आता जगात एकाच ठिकाणी उरले होते, माझ्या फितीच्या अगदी सुरुवातीला. हे सिंधूला माहीत होतं. फळीचं दार उघडून ती कधीमधी मला बघायची, पदरानं पुसायची आणि परत ठेवून द्यायची. मशीनमध्ये लावायची हिंमत तिला होत नव्हती. जमिनीलगतची फळी ती! पावसाळ्यात ओल यायची. माझ्या कडेला पांढरी बुरशी धरू लागली. वरच्या फळीवरची लग्नं-मुंजी केव्हाच अडगळीत गेली, आणि मी अंधारात एकटी पडून राहिले. मला एकच धास्ती होती. या मुलीनं मला बघण्याआधीच मी सडून गेले तर?

आणि मुलगी तरी कशी निघाली म्हणता! लहानपणी बाकीच्या पोरी बाहुल्या मागत, तर ही म्हणायची, भुताची गोष्ट सांगा. मोठी झाल्यावर तिनं स्वतःच सिनेमे काढायला सुरुवात केली. कुणी बडा शेठ पाठीशी नाही, मुंबईचा स्टुडिओ नाही. आपणच निर्माती, आपणच ड्रायव्हर, आपणच चहा करणारी. मऊरानीपुरच्या धान्याच्या गोदामात तिनं भूत नाचवलं. समथरच्या बाजारात भर गर्दीत एक बिनसावलीचा माणूस फिरवला. आणि हे सगळं नव्या लखलखीत कॅमेऱ्यावर नव्हे, तर जुन्या फितीवर! "मोबाईल का भूत नहाया-धोया लगता है," ती म्हणायची. "टेप पर भूत आधा दिखता है, आधा लगता है. डर वहीं बैठता है." बोलायची सगळं हिंदीत. मराठी तिला समजायचं, पण ओठावर यायचं नाही. झाशीत जन्मली, हिंदी शाळेत शिकली, त्याला ती तरी काय करणार?

तिचे सिनेमे कॅसेटवर मागणारे वेडे लोक दूरदूरच्या शहरांत आहेत म्हणे. आता नव्या कॅसेटी कुठे बनतात? म्हणून ती मोठ आणि समथर या गावांतल्या बंद पडलेल्या व्हिडिओ दुकानांतून जुन्या कॅसेटी उचलून आणायची. पण तिचा एक नियम होता, आणि त्याबद्दल मी तिला मनातून सलाम करायचे. कुणाचीही कॅसेट आधी पूर्ण बघितल्याशिवाय ती पुसायची नाही. कुणाचं लग्न निघालं, कुणाची आजी निघाली, तर ती पत्ता शोधून ज्याची त्याला पोचती करायची. तिच्या वरच्या खोलीतून मला ते सगळं ऐकू यायचं. वाटायचं, अगं, जगाच्या आज्या शोधतेस, जरा खाली वाक की!

सिंधूला मात्र हे सगळं बघवत नसे. "भुतांपेक्षा माणसं जमव गं, बकू," ती म्हणायची. बकुळ हसून म्हणायची, "पता नहीं आई, ये मुझमें आया कहाँ से!" त्यावर सिंधूचा पोळी लाटणारा हात जागच्या जागी थांबायचा. बाळावर सावली पडली, पडलीच शेवटी, असं तिच्या मनात यायचं.

यंदाच्या उन्हाळ्यातली गोष्ट. गोदामातल्या भुताचा सिनेमा तयार झाला होता आणि दुपारच्या गाडीनं येणाऱ्या तशाच वेड्या पाहुण्यांना त्याच्या कॅसेटी द्यायच्या होत्या. एक कॅसेट कमी पडली. बकुळनं घर पालथं घातलं. शेवटी तिनं खालच्या फळीचं दार उघडलं, हात आत घातला, आणि मी बाहेर आले!

काय सांगू मित्रांनो! माझा आनंद पोटात मावेना. आला, आला एकदाचा तो दिवस! तिनं माझ्यावरची धूळ फुंकली, पट्टीवरचा शब्द वाचला आणि खूष होऊन म्हणाली, "अरे वाह, ब्लैंक!"

ब्लॅंक? म्हणजे कोरी? मी? तेव्हा माझ्या ध्यानात आलं. तिनं 'खाली' हा शब्द हिंदीत वाचला होता. हिंदीत खाली म्हणजे रिकामी! एरवी तिनं मला लावून बघितलं असतं. पण अक्षर होतं आईचं. आईनंच लिहून ठेवलंय रिकामी, मग तपासायचं ते काय? तिनं मला मशीनमध्ये सारलं आणि लाल बटण दाबलं.

दुखलं नाही. तेच तर भयंकर होतं. मशीनमधलं एक चुंबक जुनं पुसत जातं आणि लगोलग दुसरं नवं उमटवत जातं. सगळ्यात आधी राजाभाऊंचे जोडलेले हात गेले. मग शर्ट. मग हसू. मग तो 'नमस्कार'. मला ओरडायला तोंड नव्हतं. चाकं फिरत होती, तशी मी फिरत होते, आणि त्यांच्या जागी गोदामातली पोती येऊन बसत होती.

तेवढ्यात सिंधू पन्ह्याचा पेला घेऊन वर आली. टेबलावरचं माझं रिकामं कव्हर तिला दिसलं.

"हे इथं कसं?"

"उसी में रिकॉर्ड कर रही हूँ."

"अगं, पण त्यावर खाली लिहिलंय ना!"

"हाँ, खाली लिखा है, तभी तो ली!"

"खाली लिहिलंय तर घ्यायची कशाला?"

"आई, खाली नहीं होती तो मैं लेती क्या?"

दोघी आपापल्या भाषेत अगदी बरोबर होत्या, आणि मी मधल्या मध्ये पुसली जात होते! अखेर सिंधू कळवळून ओरडली, "अगं, खाली म्हणजे खालच्या फळीवर! त्यात हे आहेत! तुझे बाबा आहेत त्यात!" पेला हातातून पडला. कुठलं बटण दाबायचं हे तिला थोडंच ठाऊक! तिनं धाव घेतली आणि भिंतीतली वायरच उपटली.

मशीन गपकन थांबलं आणि मी त्याच्या जबड्यात अडकले. फीत बाहेर ओढलेली, आतल्या चाकाभोवती गुंडाळलेली. जरा हिसका बसला असता तरी तुटले असते. दुसऱ्यांच्या किती कॅसेटी बकुळनं सोडवल्या असतील, आज आपल्याच घरातली सोडवायची होती. तिनं मशीनचं झाकण उघडलं, आतलं चाक बोटानं फिरवत फिरवत मला अलगद मोकळं केलं. एका जागी मला सुरकुती पडली, ती अजून आहे. मग तिनं खिडकीशी बसून मऊ कपड्यानं माझी बुरशी पुसायला घेतली.

"बाबा थे इसमें?" पुसता पुसता तिनं विचारलं.

"होय. आणि मीपण आहे."

"तू? तू क्या कर रही है?"

"बघ, म्हणजे कळेल," सिंधू म्हणाली.

पाहुणे आले, त्यांना बकुळनं खाली बसवलं, हात जोडून थोडं थांबायला सांगितलं आणि परत वर आली. तिनं मला दुसऱ्या मशीनमध्ये लावलं. आधी गोदाम आलं. मग पडदा फाटल्यासारखा झाला, पांढऱ्या मुंग्या धावल्या, आणि उन्हातला रस्ता आला. पाठमोरी बाई चालत होती. राजाभाऊ नव्हते. सिंधूनं पदर तोंडाला लावला.

"वो इसके पहले थे?" बकुळनं विचारलं. "आई, मैंने बाबा को मिटा दिया?"

सिंधू 'असू दे' म्हणाली नाही. तिला ते म्हणवेना. दोघी रडल्या. आणि त्या रडण्यातच मशीनमधून आवाज आला, कॅमेऱ्यामागून, अगदी जवळून, "हळू, सिंधू. हळू वळ." दोघींनी एकमेकींचा हात घट्ट पकडला. आवाज वाचला होता! राजाभाऊंचा आवाज माझ्यात शिल्लक होता!

मग हडळीनं मान वळवली.

जन्मभर भुतं नाचवणारी बकुळ किंचाळून आईला बिलगली. खरं सांगते, त्या किंकाळीनं माझं सार्थक झालं. मग ती हळूहळू पडद्याच्या जवळ सरकली. हडळीच्या पोटावरच्या हाताकडे बघत राहिली.

"आई, ये पेट..."

"खरं आहे."

"मतलब... मैं?"

"मतलब तूच. लाथ मारलीस म्हणून तर माझा हात गेला तिथं. सोंगात नव्हतं ते."

पडद्यावरच्या कोवळ्या सिंधूनं विचारलं, "माझं बाळ बघितलंत का?" आणि साठी उलटलेली सिंधू नाक पुसत टीव्हीला म्हणाली, "हे काय, इथं बसलंय."

बकुळनं आईच्या मांडीवर डोकं ठेवलं. तेव्हा सिंधूनं इतकी वर्षं गिळलेलं सगळं सांगून टाकलं. वसुंधराकाकूंचं बोलणं, बाळाचं न रडणं, आणि हे भुतांचं वेड लेकीला आपल्यामुळेच लागलं ही बोच. "सावली पडेल म्हणाल्या होत्या गं त्या. ती पडलीच."

बकुळनं डोकं वर केलं. "पड़ी ना! देख तो, कितनी अच्छी पड़ी!"

सिंधू डोळ्यांत पाणी असतानाच हसली, आणि म्हणाली, "परत लाव." परत लावलं. ती डोळे बारीक करून बघत होती. "मान जरा घाईत वळवली मी," ती म्हणाली. "हे हळू म्हणत होते, ते बरोबरच होतं." मित्रांनो, मी चकित झाले. कोपऱ्यात पडून मला वाटायचं, ही बाई मला विसरू बघतेय. अहो, ती तर मनातल्या मनात तालीम करत होती!

काही दिवसांनी बकुळनं आपला जुना खांद्यावरचा कॅमेरा काढला आणि त्यात मला घातलं. दुपार होती, लू सुटली होती. माझ्या सुरुवातीला जिथं गोदाम येऊन बसलं होतं, ती जागा तिला आईला द्यायची होती. "जो चाहे बोल," एवढंच ती म्हणाली. आतल्या दोन जीवांची काळजी नव्हती. कुठून कुठपर्यंत पुसायचं, ते या वेळी तिनं दहादा बघून ठेवलं होतं.

सिंधू अंगणात उभी राहिली. तिनं हात जोडले, आणि राजाभाऊंचं भाषण म्हणायला सुरुवात केली. सगळंच्या सगळं! "नमस्कार मंडळी. आम्ही रेल्वेची माणसं, सिनेमातलं आम्हाला काही कळत नाही. पण उन्हातसुद्धा अंधार असतो, तो तुम्हाला दाखवावा असं मनात आलं. चूकभूल पोटात घाला." तेच शब्द, मध्ये थांबायच्या त्याच जागा, 'मंडळी' म्हणताना मान कलती करायची तीच लकब. पुसले गेलेले राजाभाऊ तिला तोंडपाठ होते.

राजाभाऊंचं भाषण इथं संपत होतं. सिंधू मात्र जागची हलली नाही. तिनं पदर सारखा केला आणि म्हणाली, "या सिनेमात हडळीचं काम मी केलं आहे, सिंधूनं. आणि पोटातल्या बाळाचं काम माझ्या मुलीनं, बकुळनं केलं आहे. हे तिचं पहिलं काम. यापुढची तिची कामंही तुम्ही बघा. ती फार चांगलं घाबरवते."

तिथं चित्र जोरात हललं आहे, कारण कॅमेरा धरणाऱ्या मुलीचे खांदे हलत होते. बकुळनं ते तसंच ठेवलं. मग तिनं स्क्रूड्रायव्हर घेतला आणि माझ्या पाठीवरचा प्लॅस्टिकचा चिमुकला तुकडा कट्कन मोडून टाकला. तो मोडला की कुठल्याही मशीनला आमच्यावर काही नवं उमटवता येत नाही. लग्न झालेल्या बाईनं मंगळसूत्र मिरवावं तशी मी ती खाच मिरवते.

तुमच्याही घरी एखाद्या कपाटात, माळ्यावर, ट्रंकेत माझी कुणी बहीण पडली असेल. तिला ओलीतून बाहेर काढा, उन्हापासून जपा, आडवी न ठेवता उभी ठेवा. आणि तिच्यावर काय लिहिलंय ते वाचून लगेच हात घालू नका. ज्यानं लिहिलं ते माणूस अजून घरात असेल, तर त्याच्याजवळ बसा आणि त्याला विचारा. पन्हं सांडण्याआधी विचारा, एवढंच माझं मागणं आहे. सांगताना ते माणूस अडखळलं, तर घाई करू नका. त्याला मागे हळू वळू द्या.